अक्षरांची वेगळी चूल

मोटार-कंपन्या स्वतःसाठी खास अक्षरवळण घडवून घेतात त्यात बिघडले कुठे, असा प्रश्न कलाप्रेमी मंडळी मोठ्या निरागसपणे विचारतात. अक्षर सुडौल असावे, लांबून वाचता यावे, याला कोणाची हरकत असणार? प्रश्न सौंदर्याचा नाही. त्या सौंदर्याकडून कोणते काम करून घेतले जाते, याचा आहे.

जर्मनीतील फोक्सवॅगन कंपनीने १९७०च्या दशकाच्या अखेरीस फोक्सवॅगन आणि ऑडी यांच्या विक्रेत्यांचे जाळे एकत्र केले आणि त्यासाठी एका इंग्रज संस्थेकडून गोलसर टोकांचे अक्षर करून घेतले. ते १९७९ साली पुरे झाले. देशोदेशींच्या दुकानांच्या पाट्या एकसारख्या दिसाव्यात, एवढाच व्यवहारी हेतू त्यामागे होता. पुढे हे अक्षर सर्वांना उपलब्ध झाले. ऍपलच्या संगणकांच्या कळांवरही ते वर्षानुवर्षे होते. अक्षर सामायिक झाल्याने कोणाचेही नुकसान झाले नाही, हे मक्तेदारीच्या पुरस्कर्त्यांनी ध्यानात घ्यावे.

नंतर मात्र ऑडीने वेगळी चूल मांडली आणि २००९ साली एका डच संस्थेकडून स्वतःचे स्वतंत्र अक्षर तयार करविले. गंमत अशी की, २०१२ पासून याच उद्योगसमूहातील फोक्सवॅगन गोल्फ, ऑडी ए-३, स्कोडा ऑक्टाव्हिया आणि सेआत लिऑन या गाड्या एकाच सामायिक सांगाड्यावर उभ्या राहू लागल्या. आतली यंत्ररचना बरीचशी एक, भाव मात्र निरनिराळे! वस्तूंमधील खरा फरक आटला की तो जाहिरातीने निर्माण करावा लागतो, हे अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याला १९३३ मधील चेंबरलिनच्या विवेचनापासून ठाऊक आहे. खास अक्षर हे त्याच कृत्रिम भेदाचे एक हत्यार होय. अक्षर रेखाटणाऱ्याचे कौशल्य येथे नाकारायचे नाही. रेषेची जाडी आणि दोन अक्षरांमधील अंतर साधण्यासाठी तो खपतो, आणि त्याचेही श्रम अखेर मालकाच्याच खाती जमा होतात.

२०१५ साली हा पडदा फाटला. चाचणीपुरता धूर कमी दाखविणारी क्लृप्ती जगभरातील सुमारे १ कोटी १० लाख डिझेल गाड्यांत असल्याचे कंपनीला कबूल करावे लागले. त्यांत फोक्सवॅगन होत्या, ऑडी होत्या, स्कोडा आणि सेआतही होत्या. अक्षरे चार तऱ्हांची, लबाडी एकच! चार वर्षांनी, २०१९ मध्ये, फ्रँकफुर्टच्या प्रदर्शनात फोक्सवॅगनने आपले बोधचिन्ह आणि बाह्यरूप नव्याने मिरविले.

डिसेंबर २०२४ मध्ये याच कंपनीने २०३० पर्यंत जर्मनीतील ३५,००० हून अधिक नोकऱ्या कमी करण्याचा करार कामगार संघटनेशी केला. कारण सांगितले गेले ते वाढत्या खर्चाचे. त्या खर्चात अक्षरे, पाट्या आणि जाहिराती यांचा वाटा किती, हे कामगारांना कोण सांगणार?