होकार कशाला असतो?

१९७३ साली अमेरिकेत पीबीएसवर ‘अ‍ॅन अमेरिकन फॅमिली’ ही १२ भागांची मालिका लागली. नट नाहीत, लिहिलेले संवाद नाहीत. कॅलिफोर्नियातलं लाउड कुटुंब, आईवडील आणि पाच मुलं. १९७१ मध्ये सात महिने कॅमेरा घरात. सुमारे ३०० तासांचं शूटिंग, दाखवले फक्त १२ तास. पॅट लाउड यांनी नवऱ्याकडे मागितलेला घटस्फोट लाखो लोकांनी पाहिला. मग आई कशी, थोरला लान्स असा कसा, यावर टीकेची झोड उठली. घरचे म्हणाले, आमचं हसणंखेळणं कापलं, भांडणं ठेवली.

हे आज का सांगतोय? कारण मीही बातमीसाठी लोकांच्या ओसरीवर कॅमेरा नेतो. समोरचा ‘घ्या की साहेब’ म्हणतो. पण तो होकार कॅमेऱ्याला असतो; नंतर गावभर जे बोललं जातं, त्याला नसतो. आता तर प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे, शेजारचं भांडणही रील होतं.

हल्ली मी बाईट घेतल्यावर विचारतो, "हे उद्या लेकीच्या सासरी पाहतील, चालेल ना?" घरातलं एक जण जरी गप्प झालं, तरी ते फुटेज वापरत नाही.

व्ह्यूज बुडतात. बुडू देत. तुम्हीही शेअर करण्याआधी एवढं विचारा.