डाउनलोड केलेल्या फाइलचा प्रीव्ह्यू दिसत नाही? कॉम्प्युटर बिघडलेला नाही

खराडीतल्या आमच्या सोसायटीच्या ऑफिसात गेलो की सेक्रेटरी काका मला गाठतातच. या वेळी म्हणाले, "अरे, मेलवर आलेली बिलं डाउनलोड केली. पूर्वी फाइलवर एक क्लिक केलं की उजव्या बाजूला बिल दिसायचं. आता लिहून येतंय, ही फाइल कॉम्प्युटरला धोकादायक असू शकते. व्हायरस शिरला का?"

व्हायरस नव्हता. १४ ऑक्टोबर २०२५ पासूनच्या सिक्युरिटी अपडेटमध्ये मायक्रोसॉफ्टने हा बदल मुद्दाम केला आहे. इंटरनेटवरून आलेल्या फाइलचा प्रीव्ह्यू आता फाइल एक्सप्लोरर दाखवत नाही. असं का केलं हे समजायला एक्सप्लोरर आतून कसा चालतो ते बघूया.

एक्सप्लोररमधले पाहुणे

राइट क्लिक केल्यावर दिसणारा सेव्हन-झिपचा पर्याय, खराडीच्या आयटी पार्कांत काम करणाऱ्यांना ओळखीची टॉर्टॉइजएसव्हीएनची हिरवी टिक, पीडीएफचा प्रीव्ह्यू, या सगळ्यामागे 'शेल एक्स्टेन्शन' असतात. म्हणजे दुसऱ्या कंपन्यांच्या छोट्या डीएलएल फाइल्स. डीएलएल एकटी चालत नाही, कोणत्या तरी प्रोग्रॅमच्या पोटात शिरून चालते. विंडोज ९५ पासून एक्सप्लोररने या पाहुण्यांना दार उघडं ठेवलंय.

सोय मोठी आहे, पण एक पाहुणा अडखळला की अख्खं घर अडखळतं. राइट क्लिकचा मेनू उघडायला चार-पाच सेकंद लागतात, किंवा एक्सप्लोरर बंद पडतो आणि टास्कबारही गायब होतो, कारण टास्कबार त्याच प्रोग्रॅमचा भाग आहे.

जागाही मोजकीच. आयकॉनवरच्या टिकसारख्या खुणांसाठी विंडोज फक्त १५ नोंदी वाचतं, त्याही नावांच्या क्रमाने. त्यातल्या काही विंडोजच्या स्वतःच्या. म्हणून वनड्राइव्ह, ड्रॉपबॉक्स यांनी आपल्या नोंदीच्या नावाआधी रिकाम्या जागा टाकून रांगेत पुढचा नंबर लावला. टॉर्टॉइजची टिक अचानक दिसेनाशी होते, त्याचं कारण बऱ्याचदा हेच असतं.

न उघडताही धोका

प्रीव्ह्यू दाखवणारं एक्स्टेन्शन सहसा वेगळ्या प्रोसेसमध्ये चालतं, म्हणजे ते पडलं तरी एक्सप्लोरर पडत नाही. मग अडचण काय? फाइलमध्ये बाहेरच्या सर्व्हरचा पत्ता लपवलेला असू शकतो. प्रीव्ह्यू तयार होताना विंडोज त्या पत्त्यावर जातं आणि ओळख पटवायला तुमच्या पासवर्डवरून बनलेली माहिती पाठवतं. तेवढ्यावरून चोर पासवर्ड शोधायचा प्रयत्न करू शकतो. तुम्ही मात्र फाइल उघडलेलीही नसते.

हे नवं नाही. २०१० मध्ये उघडकीला आलेला स्टक्सनेट पेन ड्राइव्हमधून पसरला, तेव्हा फोल्डर नुसतं बघणं पुरेसं होतं. शॉर्टकटचा आयकॉन दाखवायच्या नादात एक्सप्लोरर हल्लेखोराचीच डीएलएल चालवत होता.

निर्णय बरोबर, पण अर्धा

म्हणून प्रीव्ह्यू बंद केला हे मला पटतं. खटकतो तो सोबतचा मेसेज. त्याचा अर्थ असा, की फाइल आणि पाठवणाऱ्यावर विश्वास असेल तर ती उघडून बघा. पण काका प्रीव्ह्यू बघायचे तो फाइल उघडावी की नाही हे ठरवायलाच! आता ते प्रत्येक बिल थेट उघडतात. एक दार बंद केलं आणि त्यापेक्षा मोठ्या दाराकडे बोट दाखवलं, असं झालंय.

मग करायचं काय?

१. बिल आधी मेलमध्येच बघा. डाउनलोड केलं असेल तर ब्राउझरमध्ये उघडा. ब्राउझर पीडीएफला बऱ्यापैकी कोंडून ठेवतो.

२. एक्सप्लोररच्या 'व्ह्यू' मेनूतून फाइल नेम एक्स्टेन्शन्स दिसतील असं करा. शेवटी डॉट ईएक्सई असेल तर ते बिल नाही.

३. खात्रीच्या फाइलवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, 'अनब्लॉक'वर टिक. परिणाम कधी कधी पुन्हा साइन-इन केल्यावर दिसतो.

४. "ही सेटिंग बदला, सगळे प्रीव्ह्यू परत येतील" असे उपाय टाळा. त्यातले काही उपाय 'ही फाइल इंटरनेटवरून आली' ही खूणच लावणं बंद करतात, आणि मग इतर इशारेही जातात. पेन ड्राइव्हवरची फाइल बिनबोभाट दिसते म्हणून ती सुरक्षित समजू नका. फॅट३२ किंवा एक्सफॅट ड्राइव्हवर ही खूण टिकतच नाही.

५. राइट क्लिक रेंगाळत असेल तर शेलएक्सव्ह्यू किंवा मायक्रोसॉफ्टचंच ऑटोरन्स वापरून नको ती एक्स्टेन्शन्स एकेक करून बंद करा. मायक्रोसॉफ्टची सोडून बाकीच्यांपासून सुरुवात करा.

काकांच्या कॉम्प्युटरवर मी पहिल्या दोन गोष्टी करून दिल्या. 'अनब्लॉक' दाखवलं, पण सांगितलं, "पाठवणारा ओळखीचा असेल तरच. शंका आली तर आधी त्याला फोन करा."