गल्ला कोणाच्या हातात? बाळूच्या 114 विकेट्स आणि तुमचं दुकान



दुकानात पहिला माणूस ठेवायची वेळ आली की आपल्या अंबाजोगाईत पहिला प्रश्न येतो, "घरचं कोण रिकामं आहे?" माझं मत स्पष्ट आहे, हा प्रश्नच चुकीचा. का, ते सांगायला एका जुन्या क्रिकेट टीमचा सीझन घेतो.

साल 1911. सगळ्या समाजांचे खेळाडू असलेली भारताची पहिली टीम इंग्लंडला गेली. त्याआधी 1886 आणि 1888 ला फक्त पारशी टीम जाऊन आली होती. हिशोब बघा: 23 सामने, 6 जिंकले, 15 हरले, 2 अनिर्णित. नव्या धंद्याच्या पहिल्या वर्षासारखाच!

पण या तोट्यातल्या सीझनमध्ये एकट्या पळवणकर बाळूने 114 विकेट्स काढल्या. त्याचा भाऊ शिवराम याने सॉमरसेटविरुद्ध नाबाद 113 केले आणि तो सामना एका विकेटने निघाला.

आता बाळू कोण? चांभार समाजातला पोरगा. पुण्याच्या जिमखान्यात महिना 4 रुपयांवर खेळपट्टी तयार करायची, नेट लावायचं आणि साहेबांना सरावाला बॉल टाकायचे. पुढे हिंदू टीममध्ये घेतला, तर मैदानावर सोबत, पण चहा मात्र पॅव्हेलियनच्या बाहेर, मातीच्या भांड्यात.

आणि 1911 चा कॅप्टन? पतियाळाचे महाराज भूपिंदर सिंग, वय 19. मोजकेच सामने खेळले. कॅप्टनपद नावाला मिळालं, कामाला नाही. बाळूला तर हिंदू टीमचं कॅप्टनपद शेवटपर्यंत मिळालं नाही. त्याचा धाकटा भाऊ विठ्ठल 1923 ला कॅप्टन झाला आणि हिंदू टीमने ती चौरंगी स्पर्धा जिंकली. मग आधीची वर्षं वाया कोणी घालवली?

आता स्वतःच्या दुकानात बघा. मार्गशीर्षात योगेश्वरीची यात्रा भरते, गिऱ्हाइकाची रीघ लागते. तेव्हा कोणता माल कुठे, उधारी कोणाची, कोणतं गिऱ्हाईक कशाने खूश, हे कोणाला माहीत असतं? गोडाऊनमधल्या पोराला. आणि गल्ल्यावर कोण बसलेलं असतं? मोबाईल बघणारा मेव्हणा!

तुम्ही म्हणाल, "सर, बाहेरच्याच्या हातात गल्ला कसा द्यायचा?" शंका रास्त आहे. पण विश्वास रक्तावर नाही, पद्धतीवर ठेवायचा असतो. क्यूआर कोड तुमच्या खात्याचा लावा. प्रत्येक विक्रीचं बिल फाडा. रोज रात्री रोकड आणि बिलं जुळवा. हे तिन्ही नसेल तर घरच्या माणसाच्या हातातही पैसा सुरक्षित नाही.

आणि ज्याची जात, गाव, आडनाव विचारून तुम्ही पायरी ठरवता, तो एक दिवस समोरच दुकान टाकतो. तुमचं गिऱ्हाईक त्याला नावाने ओळखत असतं, हे लक्षात ठेवा.

या आठवड्याचं काम: एक वही घ्या. सात दिवस कोणी किती विक्री केली, किती उधारी वसूल केली, लिहा. नातं लिहायचं नाही, फक्त आकडे. आठव्या दिवशी त्या आकड्यांवरून गल्ल्याची खुर्ची ठरवा. पगारही त्यावरूनच वाढवा, आणि चहा सगळ्यांना एकाच कपात द्या.

भेटू पुढच्या व्हिडिओत. धंदा करा, ताठ मानेने करा!