जुनीं पुस्तकें आणि रद्दीची तागडी

ज्या पुस्तकास पांच वर्षांत कोणीं हात लाविला नाहीं तें ग्रंथालयानें कां सांभाळावें, असा प्रश्न हल्लीं मोठ्या आत्मविश्वासानें विचारला जातो. विचारणारे पुष्कळदां सुविद्य गृहस्थ असतात, म्हणूनच त्यांचा समाचार घेणें प्राप्त आहे. गारखेड्यांत सूतगिरणी चौकाच्या आसपास रद्दीच्या तागडींत ग्रंथालयाचा शिक्का असलेलीं पुस्तकें आम्हीं पाहिलीं आहेत. तें ग्रंथालय कोणतें हें सांगण्याचें कारण नाहीं. दोष एका संस्थेचा नसून एका मताचा आहे.

मत असें कीं, वाचकांची मागणी हीच पुस्तकाची किंमत. परंतु जें कपाटांत दिसतच नाहीं त्याची मागणी वाचकानें करावी कशी? विष्णुभट गोडसे यांचा 'माझा प्रवास' घ्या. वरसईचा हा भिक्षुक १८५७ च्या धामधुमींत उत्तरेकडे गेला, झांशीचा वेढा त्यानें शहरांत राहून पाहिला, आणि पुढें तें सारें लिहून ठेविलें. चिंतामणराव वैद्य यांनीं तें १९०७ साली प्रसिद्ध केलें, पण भाषेंत व मजकुरांत फेरफार करून. मूळ हस्तलिखितावरून दत्तो वामन पोतदार यांनीं काढलेली आवृत्ति १९६६ सालची. म्हणजे सुमारें साठ वर्षें महाराष्ट्र जें वाचीत होता तें सर्वस्वी गोडसे भटजींचें नव्हतें. आतां 'एकाच पुस्तकाच्या दोन प्रती कशाला' म्हणणाऱ्या चिटणिसांनीं यांतली कोणती विकावी? दोन्ही शेजारीं ठेवल्यावांचून एका पंडितानें एका भिक्षुकाची वाणी कोठें कोठें सोंवळी केली, हें कळावयाचें नाहीं.

आणि शेजार हाच तर कपाटाचा खरा गुण! ज्या १८५७ साली भटजी झांशीच्या वाटेवर होते त्याच साली बाबा पदमनजींचें 'यमुनापर्यटन' छापून निघालें. विधवांच्या हालांवरची ही कादंबरी हातीं धरून रमाबाई रानडे यांच्या १९१० च्या आठवणी वाचाव्या, मग लक्ष्मीबाई टिळकांचीं 'स्मृतिचित्रें' उघडावीं. कादंबरीकारानें जें बायकांविषयीं सांगितलें तेंच पुढें बायकांनीं स्वतःच्या तोंडानें कसें सांगितलें, हें कोणत्याही व्याख्यानावांचून उमगतें. (लक्ष्मीबाईंचा विनोद मात्र कोणाच्याही शेजाराचा मोहताज नाहीं.)

सारें आतां संगणकावर मिळतें, हा दुसरा आक्षेप. मिळतें खरें, ज्याचें नांव ठाऊक आहे तें क्षणांत मिळतें, आणि त्याबद्दल आम्ही कृतज्ञ आहों. पण ज्याचें नांवही कानांवर आलें नाहीं तें कोणत्या नांवानें धुंडाळावें?

छायाचित्रांच्या ग्रंथांविषयीं तर आमचें शहर अधिकच अपराधी आहे. अजिंठा येथून शंभरेक किलोमीटरांवर. मेजर रॉबर्ट गिल यांनीं १८४४ पासून तेथें वर्षानुवर्षें बसून भित्तिचित्रांच्या नकला केल्या. लंडनजवळच्या क्रिस्टल पॅलेसला १८६६ त आग लागली आणि त्या बहुतेक जळाल्या. पुढें जॉन ग्रिफिथ्स व मुंबईच्या कलाशाळेचे विद्यार्थी यांनीं केलेल्या नकलांपैकीं पुष्कळ १८८५ च्या आगींत गेल्या. मागें राहिलीं तीं पुस्तकें: गिल यांच्या छायाचित्रांसह फर्ग्युसन यांनीं १८६४ त काढलेला लेण्यांवरील ग्रंथ, ग्रिफिथ्स यांचे १८९६–९७ चे दोन खंड, आणि निजाम सरकारच्या आश्रयानें गुलाम याझदानी यांनीं १९३० ते १९५५ या काळांत सिद्ध केलेले चार भाग. भिंतीवरचा रंग वर्षागणिक उडत असतां तो पूर्वी कसा होता याची साक्ष हे ग्रंथ देतात. आमच्याकडे असे ग्रंथ असलेच तर कुलुपांत असतात, आणि किल्ली ज्याच्याकडे तो नेहमीं रजेवर!

जागा अपुरी आहे, हें मात्र आम्हांस मान्य आहे. पावसाळ्यांत गळणारें छप्पर व तुटपुंजें अनुदान यांचा संसार चिटणिसांनाच करावा लागतो. पुस्तकें कधींच काढूं नयेत असा आमचा हट्ट नाहीं. काढावयाच्या पुस्तकांची यादी महिनाभर दारावरच्या फळ्यावर लावावी, आवृत्तीचें साल व संपादकाचें नांव तींत लिहावें, आणि तीं पुस्तकें तितके दिवस बाहेरच्या टेबलावर उघडीं ठेवावीं. महिन्यानंतर जें तेथेंच राहील तें खुशाल तागडींत घालावें.