ताजी मिरी, ताजा सूर
या आठवड्यात एका मित्राच्या जेवणाच्या टेबलावर तुर्की पितळी चक्क्यांची जोडी दिसली: एक मिरीची, एक मिठाची, दोन्ही नक्षीदार. मिरीची चक्की मला मान्य. दाणा फुटला की त्यातली सुगंधी तेलं उडू लागतात, म्हणून ती ऐन वेळीच दळावी. मिठाला उडून जायला वासच नसतो. उलट ओल धरून ते पितळच हिरवं करतं. म्हणजे दुसरी चक्की निव्वळ मिरवायची! मित्रानं जेवताना लावलेलं गॉस्पेल, म्हणजे चर्चमधलं ख्रिस्ती भक्तिसंगीत, मात्र अस्सल मिरीच्या जातीचं निघालं: ऐन वेळी ताजं. जानेवारी १९७२मध्ये अरीथा फ्रँकलिन, सोल संगीताची राणी, स्टुडिओ सोडून लॉस एंजेलिसच्या एका बॅप्टिस्ट चर्चमध्ये भरल्या सभेत गायली; तेच हे ध्वनिमुद्रण. त्यातलं ‘अमेझिंग ग्रेस’ हे भक्तिगीत दहा मिनिटांहून जास्त लांबलं. समोरून हाकारे उठत गेले, ती त्यांना सुरांनी उत्तर देत गेली. तुम्ही देव माना न माना, मंडळी, गॉस्पेलचं अर्धं बळ गाणाऱ्याच्या गळ्यात आणि अर्धं समोरच्या बाकांवर असतं. म्हणून ऐकायचं तर चर्चमधलं ध्वनिमुद्रणच ऐका. स्टुडिओच्या काचेच्या खोलीत एकट्यानं गायलेलं कितीही सुरेल असो, मी त्याला गॉस्पेल म्हणत नाही.