हजेरीपटाची साक्ष

भिवंडीला लागून असलेल्या राहनाळ गावी, जेथे भातखाचरांच्या जागी आता पत्र्याच्या गोदामांच्या रांगा उभ्या राहिल्या आहेत, ऐन श्रावणात एका पक्षकाराच्या ओटीवर बसून त्याचे दप्तर पाहण्याचा प्रसंग आम्हांस आला. हा गृहस्थ परिसरातील एका स्थानिक संस्थेकडे सतरा वर्षे रोजंदारीवर आहे. पहाटे चारला तो व्हॉल्व्ह फिरवतो, तेव्हा कोठे वस्तीतले हंडे भरतात. साडीच्या दुकानाची एक पिशवी त्याने आमच्यापुढे रिकामी केली. तीत 29-29 दिवसांचे नेमणुकीचे हुकूम होते, दर दोन हुकुमांमध्ये एका दिवसाची फट होती, आणि सोबत मुलाची शाळेची जुनी वही होती, जिच्या मागल्या पानांवर त्याने स्वहस्ते आपली हजेरी मांडली होती. फटीच्या दिवसापुढे लाल शाईने ‘ब्रेक’ असे लिहिलेले. त्या दिवशी पाणी कोणी सोडले, असे आम्ही विचारले. “मीच की साहेब. एक दिवस पाणी नाही आलं तर बायका दारात येतात.”

असे कागद समोर आले की आमच्या व्यवसायबंधूंपैकी पुष्कळांच्या तोंडून पहिला शब्द निघतो तो ‘उमादेवी’ हा, आणि पुढचे बोलणेच खुंटते. 10 एप्रिल 2006 रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने दिलेला तो निर्णय मागल्या दाराने झालेल्या नेमणुकांना रिट अधिकारातून कायमपणा बहाल करण्याच्या प्रघाताला आळा घालणारा होता. परंतु अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध करण्यासाठी महाराष्ट्राने 1971 साली केलेल्या अधिनियमातील कलम 30 अन्वये औद्योगिक न्यायालयास मिळालेले अधिकार त्याने हिरावून घेतलेले नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने एस.टी. महामंडळाच्या सफाई कामगारांच्या, म्हणजेच ‘कास्ट्राइब’ संघटनेच्या प्रकरणात 28 ऑगस्ट 2009 रोजी निःसंदिग्ध शब्दांत सांगितले. त्या निर्णयाचा उल्लेखही नसलेले तक्रारअर्ज आजही आमच्या पाहण्यात येतात, याला आळसाखेरीज दुसरे नाव आम्हांस सुचत नाही.

याच अधिनियमाच्या चौथ्या अनुसूचीतील सहावी बाब म्हणते की, कामगारांना कायम कामगारांचा दर्जा व लाभ मिळू नयेत या उद्देशाने त्यांना बदली, नैमित्तिक वा तात्पुरते म्हणून वर्षानुवर्षे ठेवणे ही अनुचित प्रथा होय. आता हा ‘उद्देश’ सिद्ध कसा करावयाचा? मालकाच्या मनात शिरण्याची सोय वकिलाला नाही. पण पुण्याजवळच्या पाचगाव-पर्वती टेकड्यांवर झाडे लावणाऱ्या मजुरांनी हा प्रश्न आपल्यासाठी केव्हाच सोडवून ठेवला आहे. वनखात्याने त्यांना पाच-सहा वर्षे, दर वर्षी 100 ते 330 दिवस, राबवून घेतले आणि न्यायालयात मात्र, हे शासनाचे सार्वभौम कार्य आहे, आमचे खाते म्हणजे काही उद्योग नव्हे, अशी कैफियत दिली. जगन्नाथ मारुती कोंढरे प्रकरण म्हणून नोंदलेल्या त्या दाव्यात सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर 1995 मध्ये ती कैफियत तर फेटाळलीच, शिवाय माणसाला वर्षानुवर्षे तात्पुरते ठेवले यातच तो उद्देश अनुस्यूत आहे असे मानले. संसदेच्या 2020 च्या औद्योगिक संबंध संहितेतही हीच प्रथा अनुचित म्हणून नोंदलेली आहे.

तथापि पक्षकाराला खोटी आशा दाखवणे हाही एक प्रकारचा विश्वासघातच. पदे निर्माण करणे हे न्यायालयाचे काम नव्हे, हे ‘कास्ट्राइब’मध्येच म्हटले आहे, आणि तिरोडा नगरपरिषदेच्या प्रकरणात नागपूर खंडपीठाने 2016 साली, मंजूर पद नसेल तर आदर्श स्थायी आदेशांतील 240 दिवसांच्या सेवेच्या बळावर कायमपणा मागता येत नाही, असे ठरवले. म्हणून तक्रारीचा मसुदा हाती घेण्यापूर्वी संस्थेचा मंजूर आकृतिबंध मागवावा, रिक्त पदांची खातरजमा करून घ्यावी. जग्गो प्रकरणातील डिसेंबर 2024 चा निर्णय, ज्यात ‘उमादेवी’चा आधार घेऊन दीर्घकाळ राबलेल्या कामगारांना वाऱ्यावर सोडणाऱ्या सरकारी संस्थांची सर्वोच्च न्यायालयाने कानउघाडणी केली, तो अवश्य वाचून दाखवावा, पण आकृतिबंधाची जागा तो भरून काढील अशा भ्रमात राहू नये.

दुसरी गोष्ट हजेरीपटाची. 240 दिवसांच्या शाबितीचा भार कामगारावर आहे, परंतु मस्टर मालकाच्या कपाटात असते आणि ते हजर करण्याचा हुकूम मागण्याचा मार्ग त्याला मोकळा आहे, हे येल्लट्टी प्रकरणापासून (2005) सुस्थिर आहे. असा अर्जच जर आपण दिला नाही, तर प्रतिकूल अनुमान काढा असे शेवटच्या युक्तिवादात कोणत्या तोंडाने म्हणावयाचे? मुदतीचेही तसेच. सेवेत असेतो प्रथा चालू असते. पण एकदा कामावरून कमी केले की तक्रारीच्या मुदतीचे 90 दिवस पाहता पाहता निघून जातात, आणि तोवर तो बापडा ‘साहेबांनी पुढच्या महिन्यात बघू म्हटलंय’ एवढ्या आशेवर मुकादमाच्या घरी खेटे घालीत असतो.

राहनाळच्या गृहस्थास अद्याप कमी केलेले नाही. त्याची तक्रार ठाण्याच्या औद्योगिक न्यायालयात सहाव्या बाबीखाली दाखल केली आहे, मस्टर हजर करण्याचा अर्ज त्याच दिवशी दिला आहे, आणि कागदपत्रांच्या यादीत पहिल्या क्रमांकावर ती शाळेची वही आहे.