'अलबेला'पूर्वीचे भगवान

भगवान आबाजी पालव, म्हणजेच भगवानदादा, यांच्याविषयी मराठीत जे लिहिले जाते त्यात १९५१च्या 'अलबेला' या चित्रपटाला आरंभ मानले जाते आणि उतारवयात दादरच्या चाळीत वाट्याला आलेल्या विपन्नावस्थेला शेवट. १९३८ ते १९४९ या काळात त्यांनी दिग्दर्शित केलेले स्टंटपट, म्हणजे कथेपेक्षा हाणामारी, पाठलाग आणि शारीरिक करामती यांवर उभे असलेले अल्पखर्ची चित्रपट, निव्वळ उमेदवारी म्हणून बाजूला सारले जातात. हे मत कालक्रमासमोरच टिकत नाही. अमरावतीत १९१३ साली जन्मलेल्या या गिरणीकामगाराच्या मुलाने चंद्रराव कदम यांच्यासह 'बहादूर किसान' (१९३८) दिग्दर्शित केला, १९४२मध्ये जागृती पिक्चर्सद्वारे निर्मितीत पाऊल टाकले आणि १९४७मध्ये चेंबूरला जागृती स्टुडिओ उभारला. ज्या कामाने दिग्दर्शकाला स्वतःचा स्टुडिओ मिळवून दिला, त्याला उमेदवारी म्हणणे अन्यायाचे आहे.

यावर पूर्वपक्ष असा की, सामाजिक चित्रपट काढण्याचा सल्ला राज कपूर यांनी दिला आणि भगवान यांनी तो मानला, यातच स्टंटपटांच्या हलकेपणाची कबुली आहे. परंतु विषय बदलण्याचा सल्ला म्हणजे कसबावरचा निकाल नव्हे. 'वन मोहिनी' (१९४१) हा तमिळ चित्रपटही त्यांनीच दिग्दर्शित केला होता. शरीराच्या हालचालीतून कथा पुढे नेणाऱ्या दिग्दर्शकाला परभाषेची अडचण कमी भासते, हे त्यावरून लक्षात यावे. स्टंटपटांचा आधार स्वस्त तिकिटाचा श्रमिक प्रेक्षक होता. मुंबईच्या गिरणगावाइतकाच तो चित्रपटव्यवसायात सी.पी.-बेरार म्हणून ओळखल्या जाणाऱ्या सर्किटच्या शहरांचाही विचार करायला लावतो, आणि त्यात १९०४पासून तोफगाड्यांचा कारखाना असलेले, म्हणजे श्रमिकांचेच, जबलपूर येते. या प्रेक्षकाच्या आवडीला अभिरुचीच मानायचे नाही, हा समीक्षेचा वर्गीय पूर्वग्रह आहे.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे: यांतील बहुतेक चित्रपट आज उपलब्ध नाहीत, गोदामाच्या आगीत त्यांच्या निगेटिव्ह जळाल्याचे सांगितले जाते, तेव्हा गुणवत्ता ठरवायची कशी? मात्र पुरावा नसणे हे सामान्यतेचे प्रमाण होऊ शकत नाही. वाडिया मूव्हीटोनच्या 'हंटरवाली' (१९३५) या स्टंटपटाला अभ्यासक लाभले, भगवान यांना नाहीत. मारधाडपटांच्या दिग्दर्शकांबाबत हे इतरत्रही घडते: कोरियन दिग्दर्शक चुंग चांग-व्हा हाँगकाँगच्या शॉ ब्रदर्ससाठी केलेल्या 'किंग बॉक्सर'मुळे (१९७२) जगाला ठाऊक झाला, पण १९५०च्या दशकापासूनचे त्याचे मायदेशातील काम असेच झाकोळून राहिले.

भगवान यांच्या स्टंटपटांच्या चित्रीकरणांतील बेफिकिरी मात्र झाकून चालणार नाही. 'जंग-ए-आझादी'च्या वेळी भगवान यांच्या थपडेने अभिनेत्री ललिता पवार यांच्या चेहऱ्याला व डोळ्याला कायमची इजा झाली. खऱ्या आघाताचा आग्रह धरणाऱ्या कामाची ही किंमत दुसऱ्या कलावंताने मोजली. परंतु त्याच कामातून अंगावरचा ताबाही घडला. 'अलबेला'त भगवान पाऊल जेमतेम उचलतात, खांदे आणि हात सैल सोडतात, तरी तोल कुठेही सुटत नाही. कुस्तीचा शौक आणि दशकभराची मारधाड यांवाचून हे नृत्य संभवतच नव्हते.